पिल्लाला गाडीची सवय: पार्किंगपासून पहिल्या घाटापर्यंत

नव्या पिल्लाला पहिल्या दोनतीन महिन्यांत चारपाच वेळा तरी गाडीत बसावं लागतं, आणि त्यातल्या बहुतेक खेपा दवाखान्याच्या असतात. आधी गाडी, मग टेबल, मग सुई. तिसऱ्या खेपेला पिल्लू गाडीच्या दारातच बसकण मारतं, लाळ गाळू लागतं, आणि घरातले म्हणतात, "याला गाडी लागते." लागते की भीती वाटते हे आधी ठरवा. दोन्हींचे उपाय वेगळे आहेत, आणि मळमळणाऱ्या पिल्लाला "सवय होईल" म्हणून रोज फिरवलं तर त्याला खरोखरच गाडीची धास्ती बसते.

१. मळमळ की भीती, ते आधी ओळखा

पिल्लांच्या आतल्या कानातली तोल सांभाळणारी यंत्रणा पूर्ण तयार झालेली नसते. शरीर हलतंय असं कान सांगतो, डोळ्यांना मात्र समोरची सीट स्थिर दिसते. हा मेळ बसत नाही आणि पोट ढवळतं. बहुतेक कुत्र्यांचा हा त्रास वर्षभराचं होईपर्यंत आपोआप कमी होतो. भीतीचं तसं नाही. ती वयाबरोबर जात नाही, उलट मुरते.

ओळखायची साधी रीत अशी. गाडी बंद, इंजिन बंद, पिल्लू मागच्या सीटवर, तुम्ही शेजारी. तीनचार मिनिटं नुसतं बघा. उभ्या गाडीतच लाळ, थरथर, शेपूट पोटाखाली, दाराकडे धाव असं दिसलं तर ती भीती. उभ्या गाडीत मजेत असेल, खाऊ खात असेल, पण गाडी सुरू झाल्यावर पाचदहा मिनिटांनी ओठ चाटणं, पुन्हा पुन्हा जांभया, गप्प होणं, मग लाळ आणि उलटी असा क्रम असेल तर ती मळमळ. जांभई म्हणजे झोप आली असं समजून लोक निर्धास्त राहतात. गाडीत लागोपाठ येणाऱ्या जांभया आणि ओठ चाटणं ही उलटीची आगाऊ सूचना असते.

काही पिल्लांत दोन्ही असतं: आधी मळमळ झाली, मग गाडी दिसली तरी नको वाटू लागलं. तिथे आधी मळमळीचा बंदोबस्त करायचा, भीतीचं काम नंतर.

२. कधी सुरू करायचं

८ आठवड्यांपेक्षा लहान पिल्लू विकायला २०१७ च्या श्वान प्रजनन नियमांनुसार मनाई आहे, त्यामुळे गाडीची पहिली ओळख साधारण याच वयात होते. नव्या गोष्टी सहज स्वीकारण्याचा काळ ढोबळमानाने तिसऱ्या ते चौदाव्या आठवड्यापर्यंत असतो, म्हणजे तुमच्या हातात जेमतेम सहा आठवडे उरतात. त्यातच ८ ते ११ आठवड्यांच्या सुमारास पिल्लं जास्त दचकतात आणि त्या वयातला एखादा वाईट अनुभव दीर्घकाळ लक्षात ठेवतात. म्हणून सुरुवात लवकर करायची, पण अगदी थोड्या मात्रेत.

"सगळ्या लशी झाल्यावर बघू" हा सल्ला गाडीच्या बाबतीत लागू होत नाही. मुख्य लशींचा क्रम ६ ते ८ आठवड्यांपासून सुरू होऊन दर ३-४ आठवड्यांनी, साधारण १६ आठवड्यांपर्यंत चालतो. रेबीजची लस १२ आठवड्यांच्या सुमारास देतात. तोवर थांबलात तर शिकण्याचा काळ निघून जातो. धोका गाडीत बसण्याचा नाही, बाहेरच्या जमिनीवर पाय ठेवण्याचा आहे. पार्व्हो या पिल्लांच्या जीवघेण्या उलटी-जुलाबाच्या आजाराचा विषाणू मातीत कित्येक महिने टिकून राहतो. लसीकरण पुरं होईपर्यंत पिल्लाला घरातून उचलून गाडीत आणि गाडीतून उचलून घरात. ढाब्याच्या अंगणात, पेट्रोल पंपाच्या कडेला, इतर कुत्री फिरतात त्या गवतावर उतरवायचं नाही. काचेतून मात्र त्याला पीएमपीची बस, बँडबाजा, भाजीची हातगाडी, छत्र्या, हेल्मेटवाले सगळं दाखवा. लसीकरण अपुरं असलेल्या पिल्लाला जग दाखवायला गाडीइतकी सुरक्षित जागा दुसरी नाही.

३. लागणारं सामान

- कडक प्लॅस्टिकचा क्रेट किंवा कॅरियर. पिल्लाला उभं राहता, वळता आणि आडवं होता यावं एवढाच. "मोठं झाल्यावरही चालेल" म्हणून दुप्पट मापाचा घेतला तर पहिल्याच ब्रेकला पिल्लू त्यात घरंगळतं. मोठा घेतलाच असेल तर मागची जागा चादरीच्या गुंडाळीने भरून काढा.
- छातीचा हार्नेस आणि सीटबेल्टच्या बकलमध्ये बसणारा छोटा पट्टा, पिल्लू क्रेटमध्ये मावेनासं झाल्यावर. हा पट्टा गळ्यातल्या पट्ट्याला कधीही अडकवू नका. जोरात ब्रेक लागला की सगळा झटका मानेवर येतो.
- लहान बाळांसाठी मिळतं ते ड्राय शीट, दोन नग. एक सीटवर, एक राखीव. त्यावर जुनी सुती चादर.
- वर्तमानपत्रं, टिश्यू, कचऱ्याच्या पिशव्या, पाण्याची बाटली, पसरट वाटी.
- खाऊ: उकडलेल्या बिनमिठाच्या चिकनचे किंवा पनीरचे वाटाण्याएवढे तुकडे. तुकडा मोठा असला तर चार मिनिटांच्या सरावात पोट भरतं आणि मग तेच बाहेर येतं.
- मागच्या खिडक्यांसाठी जाळीचे पडदे.
- कागद: लसीकरणाचं कार्ड, महापालिकेच्या परवान्याची प्रत, तुमच्या डॉक्टरांचा नंबर आणि जिथे जायचंय तिथल्या एका पशुवैद्यकाचा नंबर. हा शेवटचा नंबर लोक गावाला पोचल्यावर शोधतात, तेही रात्री अकरा वाजता.

गाडीतलं काही काढूनही ठेवायचं आहे. जेलचं किंवा टांगायचं सुगंधी फ्रेशनर, डॅशबोर्डवर लावलेली अगरबत्ती, कापराची डबी, डांबरगोळ्या. माणसाला मंद वाटणारा वास पिल्लाच्या नाकाला असह्य असतो आणि बंद गाडीत मळमळ वाढवतो; कापूर आणि डांबरगोळ्या पोटात गेल्या तर विषारी. कप्प्यातलं शुगरफ्री च्युइंगम (त्यातल्या झायलिटॉलने कुत्र्याची साखर धोकादायकरीत्या उतरते), चॉकलेट आणि प्रसादातले बेदाणेही बाहेर काढा.

४. घरी आणतानाचा पहिला प्रवास

हा प्रवास सरावाविनाच होतो, म्हणून त्याची तयारी वेगळी. दोन माणसं हवीत: एक चालवणार, एक मागे पिल्लाजवळ. ज्यांच्याकडून पिल्लू आणताय त्यांना आधीच सांगून ठेवा की निघण्याच्या तीनेक तास आधी भरपेट खायला घालू नका. आई आणि भावंडांचा वास असलेलं फडकं मागून घ्या आणि ते कॅरियरमध्ये अंथरा. कॅरियर पुढच्या सीटमागे पाय ठेवायच्या जागेत घट्ट बसत असेल तर तिथे, नाहीतर मागच्या सीटवर बेल्टने बांधून. शेजारच्याने जाळीतून बोटं आत ठेवली तरी पुष्कळ.

मांडीवर घ्यायचा मोह सगळ्यांनाच होतो. हिशेब करून बघा: ताशी ५० किलोमीटरने जाणारी गाडी कशावर आदळली तर सैल बसलेलं पिल्लू त्याच वेगाने पुढे जातं. दहा मीटरवरून, म्हणजे सुमारे तिसऱ्या मजल्यावरून पडलेली वस्तू जमिनीला साधारण याच वेगाने टेकते. हातांनी ते अडवता येत नाही. पुढच्या सीटवर तर त्याहून वाईट, कारण एअरबॅग उघडण्याचा दणका पिल्लाच्या जिवावर बेततो.

वाटेत आत्याकडे दाखवायला थांबू नका. सरळ घर.

५. सरावाच्या पायऱ्या

एक सराव दोन ते पाच मिनिटांचा, दिवसातून एकदा किंवा दोनदा. एका पायरीवर सलग दोनतीन दिवस पिल्लू सैल अंगाने बसलं आणि खाऊ घेत राहिलं तरच पुढची पायरी. खाऊ नाकारणं ही सगळ्यात भरवशाची खूण आहे. घरी चिकनवर तुटून पडणारं पिल्लू गाडीत तोंड फिरवत असेल तर तुम्ही घाई केली आहे. एक पायरी मागे जा.

*अ. क्रेट आधी घरात.* गाडीच्या आधी क्रेटची सवय दिवाणखान्यात लावा. दार उघडं ठेवून आतच जेवण द्या, मग मिनिटभर दार लावा, मग पाच मिनिटं. क्रेट आणि गाडी ही दोन नवी संकटं एकाच दिवशी नकोत.

*आ. उभी गाडी, इंजिन बंद.* सोसायटीच्या पार्किंगमध्ये, सावलीत, दोन्ही बाजूंची दारं उघडी. पिल्लाला सीटवर ठेवा, तुम्ही शेजारी बसा, खाऊचे पाचसहा तुकडे एकेक करून द्या, उचलून घरी घेऊन जा. काही दिवसांनी एक दार बंद, मग दोन्ही बंद. दार आपटू नका.

*इ. इंजिन सुरू, गाडी जागेवर.* किल्ली फिरवणारा दुसरा कोणी असावा. इंजिन सुरू होताच लगेच खाऊ. तीस सेकंद, बंद. पुढे एसी, मग वायपर. सेंट्रल लॉकची टूंटूं आणि रिव्हर्सचा सेन्सर हे आवाज वेगळे करून शिकवा. कित्येक पिल्लं इंजिनाला घाबरत नाहीत पण रिव्हर्सच्या बीपला दचकतात. बंद तळघरात ही पायरी करू नका, धूर साचतो.

*ई. पार्किंगमधल्या पार्किंगमध्ये.* वीस मीटर पुढे, वीस मीटर मागे. बस.

*उ. इमारतीला एक फेरी.* आता पिल्लू क्रेटमध्ये आणि क्रेट बांधलेला. गतिरोधक आला की आधीच वेग उतरवा आणि दुसऱ्या गिअरमध्ये अलगद ओलांडा. मळमळीचं निम्मं कारण चालवणाऱ्याच्या पायात असतं: धक्क्याने सुटणारा क्लच, शेवटच्या क्षणी ब्रेक, वळणावर ॲक्सिलरेटर. सीटच्या खाचेत पाणी भरलेला ग्लास ठेवून तो न सांडता चालवून बघा.

*ऊ. पाच मिनिटं, दहा, वीस, अर्धा तास.* वेळ वाढवताना रस्ता सोपा ठेवा. सिग्नलसिग्नलला अडकणाऱ्या संध्याकाळच्या गर्दीपेक्षा सकाळी साडेसहाचा सरळ रस्ता पंधरा मिनिटं जास्त लागली तरी बरा. सुरुवातीला प्रवास मळमळ सुरू होण्याच्या आत संपवायचा. सातव्या मिनिटाला ओठ चाटायला लागत असेल तर पाच मिनिटांचाच प्रवास करा, आठवडाभर.

आणि मुक्काम बदलता ठेवा. दवाखान्याच्या एका खेपेमागे कुठेच न जाणाऱ्या किंवा मजेच्या जागी जाणाऱ्या चार खेपा, असं ढोबळ प्रमाण धरा. दवाखान्यातही कधी नुसतं वजन करायला न्या, खाऊ द्या, परत या. बहुतेक दवाखाने याला हरकत घेत नाहीत, गर्दीची वेळ टाळलीत तर.

६. पोटाचं गणित

भरपेट खाणं आणि निघणं यात तीन ते चार तासांचं अंतर ठेवा. पण "पोट रिकामं म्हणजे उलटी नाही" हे पूर्ण खरं नाही. रिकाम्या पोटीही पिवळं पित्त पडतं. चिहुआहुआ, पॉमेरेनियन, शिह त्झू अशा लहान चणीच्या आणि तीन महिन्यांच्या आतल्या पिल्लांना फार वेळ उपाशी ठेवलं तर साखर उतरून ती लटपटू लागतात, गळून जातात. त्यांना निघण्याच्या दीडदोन तास आधी चमचा-दोन चमचे हलकं खाणं द्या. पाणी बंद करायचं नाही, फक्त निघण्याआधी वाटीभर एकदम पिऊ देऊ नका. थांब्यावर थोडं थोडं.

काच बोटभर उघडी ठेवा किंवा एसीचा गार झोत मागे पोचू द्या. क्रेटच्या बाजूंवर पातळ कापड टाकून पुढची बाजू उघडी ठेवली की बाजूने पळणारी झाडं दिसत नाहीत आणि मळमळ कमी होते. कापड जाड नको आणि उन्हाळ्यात हवा अडेल असं तर मुळीच नको.

घरगुती उपायांबद्दल: आलेपाक, आवळा सुपारी, हुंगायला लिंबू हे माणसांच्या एसटी प्रवासाचे उपाय आहेत. लिंबाचा वास बहुतेक कुत्र्यांना नकोसा असतो. माणसांच्या गाडी लागण्यावरच्या गोळ्या अंदाजाने अर्धी-पाव करून देऊ नका. पॅरासिटामॉल आणि आयबुप्रोफेन तर कुत्र्याच्या जिवावर उठतात.

सराव करूनही उलट्या थांबत नसतील तर डॉक्टरांना मारोपिटंटबद्दल विचारा. हे कुत्र्यांच्या उलटीवर वापरलं जाणारं औषध आहे, झोप आणत नाही, आणि प्रवासाच्या किमान दोन तास आधी, नाममात्र खाण्यासोबत देतात. गाडी लागण्यासाठीची त्याची मात्रा चार महिन्यांपुढच्या कुत्र्यांसाठी आहे. त्याहून लहान पिल्लासाठी निर्णय डॉक्टरांचा. नुसती गुंगी आणणारी गोळी मागू नका. ॲसेप्रोमाझिनसारख्या औषधाने पिल्लू निपचित पडतं, पण आतली भीती तशीच राहते. ते शांत दिसतं म्हणून मालक खूश, आणि पुढच्या वेळी गाडी पाहूनच ते पळतं.

७. उलटी किंवा शू झाली तर

ओरडू नका, पुचकारत राहू नका. सुरक्षित जागी थांबा, वरचं शीट गुंडाळून पिशवीत टाका, दुसरं अंथरा. घरी आल्यावर डाग आधी टिपून घ्या, चोळू नका. खाण्याचा सोडा भुरभुरून तासभर ठेवा आणि झटका, किंवा पाळीव प्राण्यांसाठीचं एन्झाइमवालं क्लीनर वापरा. फिनाइल टाळा, त्याचा वास आणि अंश दोन्ही त्रासदायक. अमोनिया असलेलं क्लीनरही टाळा. त्याचा वास शूसारखा असल्याने पिल्लू तीच जागा पुन्हा निवडतं. सीटमध्ये जुना वास राहिला तर पुढची उलटी लवकर होते.

८. ऊन

बाहेर २४ अंश असताना बंद गाडीत दहा मिनिटांत सुमारे ३४ आणि अर्ध्या तासात ४३ अंशांपर्यंत तापमान जातं. काच चार बोटं उघडी ठेवल्याने त्यात फारसा फरक पडत नाही. हे हिवाळ्यातल्या सौम्य हवेचं गणित झालं, मे महिन्यातल्या नागपूरचं विचारूच नका. "दोन मिनिटांत दूध घेऊन येतो" म्हणून पिल्लाला गाडीत सोडून जायचं नाही. चालू एसीवरही नाही. एसी बंद पडला तर आत कोणी नसतं. प्राण्याला त्रास होईल अशा रीतीने वाहून नेणं प्राण्यांवरील क्रूरता प्रतिबंधक कायदा, १९६० खाली गुन्हाही आहे.

पग, फ्रेंच बुलडॉग, शिह त्झू अशा चपट्या नाकाच्या जातींना धाप टाकून अंग थंड करणं मुळातच जड जातं. त्यांना घेऊन उन्हाळ्यात पहाटे निघा आणि दहाच्या आत पोचा. जोरात धापा, घट्ट चिकट लाळ, गडद लाल हिरड्या, झोकांड्या ही उष्माघाताची लक्षणं आहेत. लगेच सावलीत, अंगावर साधं गार पाणी ओतत वारा घाला, शुद्धीवर असेल तर पाणी पाजा, आणि थंड करत करतच दवाखाना गाठा. ओला टॉवेल गुंडाळून ठेवू नका, त्यात उष्णता कोंडते.

९. पहिला लांबचा प्रवास आणि घाट

अर्ध्या तासाचा सपाट प्रवास आरामात जमू लागला की दीड-दोन तासांचा करा, आणि तोही जमला की घाट. लहान पिल्लू महिन्यांच्या वयात एक मिळवून येतील तेवढे तास शू धरू शकतं असं म्हणतात, पण गाडीत ते पूर्णपणे खरं धरू नका. तासा-सव्वा तासाने थांबा.

कुठे थांबणार ते आधी ठरवून निघा. पुणे-मुंबई द्रुतगती मार्गावर कडेच्या पट्टीवर थांबणं धोक्याचं आहे. फूड मॉल हेच थांबे धरा आणि खंडाळ्याच्या उताराआधी एकदा उतरवून घ्या. ताम्हिणीत आणि वरंधा घाटात वळणं सलग आहेत, शनिवार-रविवारी पावसाळ्यात धबधब्यांपाशी गाड्या अडकतात. पिल्लाचा पहिला घाट तो नसावा. सरावाला छोटा, पंधरावीस मिनिटांचा घाट निवडा, सकाळी लवकर, आणि वर पोचल्यावर परत फिरण्याआधी अर्धा तास विसावा घ्या.

वळणावर पिल्लू एका बाजूला फेकलं जाणार नाही असा क्रेटच्या आत चादरीचा काठ करा. घाटात बोलत, बिस्किटं भरवत राहू नका; मळमळ असताना खाऊ उलट काम करतो. खाऊ घाटाच्या आधी आणि नंतर.

थांब्यावर आधी दोरी अडकवा, मग दार उघडा. हा क्रम घरातल्या प्रत्येकाला, विशेषतः मुलांना, पाठ हवा. महामार्गावर बावरून गाडीतून उडी मारून पळालेलं पिल्लू सापडणं अवघड असतं. लसीकरण अपुरं असेल तर डिकीतच वर्तमानपत्र किंवा पी पॅड अंथरून उरकून घ्या. पावसाळ्यात कोकणात साचलेल्या डबक्यातलं पाणी चाटू देऊ नका. उंदीर-घुशींच्या मुतातून पसरणारा लेप्टोस्पायरोसिस कुत्र्यांनाही होतो.

पिल्लू मोठं दिसायला लागलं तरी उंच गाडीतून उडी मारू देऊ नका. वर्षभर हाडांची टोकं वाढत असतात. एक हात छातीखाली, दुसरा मागच्या पायांखाली, असं उचला. खिडकीतून डोकं बाहेर काढून फोटो छान येतो, पण धूळ आणि खडे थेट डोळ्यांत जातात. आणि काचेच्या बटणावर पंजा पडला तर मान अडकते. मागच्या काचांचं लॉक कायम लावलेलं असू द्या.

१०. डॉक्टरांकडे कधी

प्रवास संपून काही तास झाले तरी उलट्या चालू आहेत, उलटीत किंवा शीमध्ये रक्त आहे, पिल्लू खात नाही आणि सुस्त पडलंय, तर ते गाडीचं दुखणं समजू नका. लसीकरण अपुऱ्या पिल्लात ही पार्व्होची लक्षणं असू शकतात आणि त्यात एकेक तास मोलाचा असतो. कधीही गाडी न लागणारं पिल्लू अचानक तोल जाऊन एका बाजूला मान तिरकी धरू लागलं तर कान तपासून घ्या. आणि महिना-दीड महिना इथल्या पायऱ्यांनी नीट सराव करूनही उभ्या गाडीत थरथर थांबत नसेल, तर डॉक्टरांकडून वर्तनतज्ज्ञाचं नाव घ्या. तोवर दवाखाना चालत किंवा कडेवर नेण्याइतका जवळचा निवडा आणि गाडी पार्किंगमध्येच राहू द्या.